सोलापुरातून सिनेमा काढताना : नव्या निर्मात्यासाठी वहीतल्या नोंदी

"काय ओ, पिक्चर काढायला किती लागतंय?"

पार्क चौकात चहा घेताना हा प्रश्न मला इतक्या जणांनी विचारलाय की आता मी उलट विचारतो, "कुणाचे?" समोरचा गोंधळतो. निर्माता म्हणजे ज्याच्याकडे पैसा आहे तो, अशी आपल्याकडची ठाम समजूत. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यातली व्याख्या मात्र वेगळी आहे. कलाकृती तयार करायला जो पुढाकार घेतो आणि तिची जबाबदारी उचलतो, तो निर्माता. त्या व्याख्येत पैशाचं नावही नाही. आणि चित्रपटाचा पहिला मालकीहक्कही कायद्याने या निर्मात्याकडेच जातो, करारात वेगळं ठरलं नसेल तर.

सोलापूरच्या मिल चालू होत्या तेव्हा जॉबर नावाचा माणूस असायचा. तो मालकही नसायचा आणि विणकरही नसायचा. कामावर माणसं आणायची, साचे चालू ठेवायचे, कुठे काही अडलं की पहिल्यांदा त्यालाच हाक. स्वतंत्र निर्मात्याचं काम मला त्याच्या जवळचं वाटतं. पैसा लावणारा तो फायनान्सर. पोस्टरवर वरती नाव येतं तो प्रस्तुतकर्ता. ठरलेल्या बजेटमध्ये शूटिंग पार पाडून देतो तो लाइन प्रोड्युसर. आणि गोष्ट सापडल्यापासून ती थिएटरात लागून हिशेब मिटेपर्यंत जो सुटू शकत नाही, तो निर्माता. चार वर्षं सहज जातात. हे मान्य असेल तर पुढचं वाचा.

पहिलं काम : दुसऱ्याच्या सेटवर राबा

आपल्या जिल्ह्यात बाहेरची युनिटं येतात. नागराज मंजुळे जेऊरचे. त्यांच्या 'सैराट'चं बरंचसं चित्रीकरण करमाळा तालुक्यात झालं आणि २०१६ मध्ये तो लागल्यावर इकडच्या गावांकडे बघायची मुंबई-पुण्याची नजर बदलली. मालिका येतात, जाहिराती येतात, विद्यार्थ्यांचे डिप्लोमा चित्रपट येतात. अशा युनिटला गावातला एक माणूस हवाच असतो, ज्याला सरपंच ओळखतात, जनरेटर कुठे मिळतो ते माहीत असतं आणि रात्री अकराला पन्नास माणसांचं जेवण कोण देईल हेही सांगता येतं. तो माणूस तुम्ही व्हा. प्रॉडक्शन असिस्टंट म्हणून पैसे कमी मिळतील, काम अंगावर येईल. दिग्दर्शकाच्या खुर्चीजवळ उभं राहायचा मोह आवरा आणि प्रॉडक्शन मॅनेजरच्या वहीजवळ बसा.

त्या वहीत काय असतं? कुणाला किती ॲडव्हान्स दिला, कुणाचं व्हाउचर आलं नाही, आजचा बत्ता (रोजचा भत्ता) किती, उद्याचा कॉल टाइम काय, म्हणजे कुणी किती वाजता यायचं, डिझेल किती जळलं. शूटिंगचा दिवस दोन लाखांचा धरा आणि शिफ्ट बारा तासांची. म्हणजे एक तास साडेसोळा हजारांच्या वर गेला. माझ्या पहिल्याच कामावर बार्शी रस्त्याला नाश्त्याचा टेम्पो पंक्चर झाला आणि पावणेदोन तास युनिट बसून राहिलं. टेम्पोचं भाडं आठशे रुपये होतं. दुसरा टेम्पो आधीच सांगून ठेवला असता तर, असा विचार करायची सवय मला त्या दिवशी लागली. ती सवय म्हणजेच निम्मं निर्मातेपण.

किमान दोन पूर्ण प्रोजेक्ट असे करा. एक करून थांबाल तर वाटेल सगळं कळलं, आणि तेच महागात पडेल.

मग एक लहान फिल्म, पण कागदपत्रं मोठ्या फिल्मची

दादासाहेब फाळके १९१२ मध्ये विलायतेहून कॅमेरा घेऊन आले तेव्हा भांडवल द्यायला कुणी तयार नव्हतं. त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि त्याच्या वाढीची चित्रं रोज टिपून एक चिमुकली फिल्म केली. अंकुर पडद्यावर सरसर वाढताना पाहिल्यावर कर्ज देणारा माणूस मिळाला. 'राजा हरिश्चंद्र' १९१३ मध्ये आला, पण त्याच्या आधी हा वाटाणा होता.

तुमचा वाटाणा म्हणजे बारा-पंधरा मिनिटांचा लघुपट. दोन-तीन दिवसांत होईल असा, एक-दोन जागांवरचा. दिग्दर्शन स्वतः करू नका, म्हणजे निर्मात्याचं काम काय ते कळेल. या लघुपटासाठी सगळे कागद करा : लेखकाशी करार, कलाकारांची संमतीपत्रं, जागामालकाचं पत्र, संगीतकाराशी करार, बजेट आणि शेवटी प्रत्यक्ष खर्च. बजेट आणि खर्च यांत किती फरक पडला तो तक्ता जपून ठेवा. उद्या पैसे मागायला जाल तेव्हा लघुपटाला मिळालेल्या बक्षिसापेक्षा हा तक्ता जास्त बोलतो. सोलापूरचा व्यापारी माणूस आहे, त्याला ट्रॉफीपेक्षा ताळेबंद लवकर कळतो.

गोष्ट : हाताशी असणं आणि हक्काची असणं

इथे सर्वांत जास्त नवखे फसतात, मीही फसलोय. एका गावात, एका लेखकाच्या ओसरीवर, शेंगाचटणी-भाकरी खाऊन शब्दावर कथा घेतली. वर्षभर पटकथा लिहिली. मग कळलं की तोच शब्द त्यांनी आणखी एकाला दिलाय, आणि त्याच्याकडे मात्र स्टॅम्पपेपर होता. लेखकावर माझा राग नाही. त्यांना वाटलं, आलेल्या पाहुण्याला नाही कसं म्हणायचं. चूक माझी होती.

कॉपीराइट कायद्याप्रमाणे हक्कांचं हस्तांतरण लेखीच लागतं. करारात किती वर्षांसाठी हे लिहिलं नाही तर ते पाच वर्षांचं धरलं जातं. कुठल्या प्रदेशासाठी हे नाही लिहिलं तर फक्त भारतापुरतं. आणि मिळालेला हक्क एका वर्षात वापरला नाही तर तो संपतो, करारात वेगळं नमूद नसेल तर. सिनेमाला वर्ष म्हणजे काहीच नाही, म्हणून ही ओळ करारात आहे का ते बोट ठेवून बघा. आधी 'ऑप्शन' घ्यायची पद्धत चांगली : थोडे पैसे देऊन दीड-दोन वर्षांसाठी कथा राखून ठेवायची, फिल्म उभी राहिली की उरलेली रक्कम. लेखक हयात नसतील तर सगळ्या वारसांच्या सह्या लागतात. पुण्याला असलेली एक मुलगी राहिली, असं चालत नाही.

गीतकार-संगीतकारांचा भाग २०१२ च्या दुरुस्तीनंतर बदललाय. थिएटरबाहेर गाणं वाजून जी रॉयल्टी येते तिच्यातला त्यांचा वाटा त्यांना करारात सोडून देता येत नाही, आणि तुम्ही लिहून घेतलात तरी टिकत नाही. आणखी एक. वरातीच्या प्रसंगात बँडवाल्याने जुनं लोकप्रिय गाणं वाजवलं तर त्या गाण्याच्या शब्द-चालीची परवानगी लागते. मूळ रेकॉर्डिंग वापरलं तर त्याची वेगळी. त्यापेक्षा आपल्याच संगीतकाराकडून वरातीची धून करून घ्या, स्वस्त पडते.

नाव मात्र लवकर नोंदवा. कोल्हापूरला मुख्य कार्यालय असलेलं अखिल भारतीय मराठी चित्रपट महामंडळ किंवा मुंबईतली निर्मात्यांची संघटना इम्पा अशा संस्थांकडे शीर्षक नोंदवता येतं, त्यासाठी सभासद व्हावं लागतं. ही नोंदणी म्हणजे कथेवरचा हक्क नव्हे. फक्त दुसऱ्या सभासदाला तेच नाव मिळू नये एवढ्यासाठी.

बजेट : इथे थोडं थांबू

सोलापुरात शूटिंग स्वस्त होतं, हे अर्धं खरं आहे. जागा स्वस्त, जेवण स्वस्त, राहणं स्वस्त, गर्दीतले चेहरे मिळायला सोपे. पूर्व भागात फिरलात तर तेलुगू बोलणारी विणकर कुटुंबं, अक्कलकोटकडे कन्नड, शहरात दखनी उर्दू, आणि मराठी सगळीकडे. इतके वेगवेगळे चेहरे आणि बोली एका शहरात सहज मिळत नाहीत. पण चांगला कॅमेरा, लेन्स, मोठे लाइट, सिंक साउंडचा (शूटिंगच्या वेळीच आवाज टिपायचा) संच आणि ते चालवणारी माणसं पुण्याहून किंवा मुंबईहून येतात. पुणे अडीचशे किलोमीटर. सामान निघाल्यापासून परत पोचेपर्यंतचं भाडं लागतं, शिवाय सोबत येणाऱ्या अटेंडंटचा रोज आणि राहणं. जागेचे वाचवलेले पैसे तिथे जातात. म्हणून सलग शूटिंग करा. दहा दिवस, मग महिनाभर सुट्टी, मग पुन्हा दहा दिवस असं केलंत तर गाडीभाडं दुप्पट आणि कलाकाराची दाढी वेगळी.

बजेट करताना पटकथेचं ब्रेकडाऊन आधी : प्रत्येक दृश्य दिवसाचं की रात्रीचं, आत की बाहेर, कोण कलाकार, किती गर्दी, काय वस्तू, जनावर आहे का, लहान मूल आहे का. रात्रीचं बाहेरचं प्रत्येक दृश्य म्हणजे लाइट, जनरेटर आणि दुसऱ्या दिवशी उशिरा सुरुवात. लेखकाला प्रेमाने विचारा, हे संध्याकाळी घडलं तर चालेल का? बहुतेक वेळा चालतं.

जेवणाचं उदाहरण घेऊ. साठ जणांचं युनिट, माणशी दिवसाला ३०० रुपये धरले तर रोज १८,०००. पंचवीस दिवसांचे साडेचार लाख. हा आकडा बघून नवा निर्माता पहिली कात्री इथेच लावतो. लावू नका. युनिट उपाशी राहिलं की काम संथ होतं, आणि तासाचा भाव वर सांगितलाय.

आता उलटा हिशेब, जो कुणी करत नाही. फिल्म ८० लाखांत झाली, प्रसिद्धी आणि वितरणावर आणखी ४० लाख. एकूण १ कोटी २० लाख. मल्टिप्लेक्सचं तिकीट करासह १७७ रुपये धरा. त्यातले २७ जीएसटीचे. उरलेल्या १५० मधले पहिल्या आठवड्यात साधारण निम्मे थिएटरचे, म्हणजे आपल्याकडे ७५. वितरकाचं कमिशन १५ टक्के धरलं तर ११ रुपये २५ पैसे गेले. हातात ६३ रुपये ७५ पैसे. एक कोटी वीस लाख त्याने भागा : १ लाख ८८ हजार तिकिटं. २०११ च्या जनगणनेत सोलापूर शहराची लोकसंख्या साडेनऊ लाखांच्या आसपास होती. म्हणजे शहरातल्या तान्ह्या बाळापासून म्हाताऱ्यापर्यंत दर पाचातल्या एकाने तिकीट काढलं तर मुद्दल सुटलं. पुढच्या आठवड्यांत आपला हिस्सा आणखी खाली येतो, आणि थिएटरात डिजिटल प्रक्षेपणासाठी जी फी भरावी लागते ती मी अजून धरलेलीच नाही.

घाबरवायला हे लिहिलेलं नाही. तीच फिल्म ३५ लाखांत करता येते का, हा प्रश्न पटकथेच्या टप्प्यावर विचारायचा असतो. शूटिंग संपल्यावर तो विचारून उपयोग नाही.

दोन नियम मी मोडत नाही. एकूण खर्चाच्या दहा टक्के रक्कम अडीनडीसाठी बाजूला. आणि एडिटिंग, साउंड, डीआय (रंग जुळवण्याचं शेवटचं काम) यांचे पैसे शूटिंग सुरू व्हायच्या आधी वेगळ्या ठेवीत. शूटिंग उरकून हार्ड डिस्क कपाटात पडलेल्या कितीतरी फिल्म मला माहीत आहेत. नारळ फोडायला उत्साह असतो, डबिंगला पैसे नसतात.

पैसा कुणाचा, आणि कुठल्या अटीवर

चादर-टॉवेलवाले, कारखानदार, बिल्डर, डॉक्टर. सोलापुरात पैसा लावू शकणारी माणसं आहेत आणि सिनेमाची हौस त्यांनाही आहे. त्यांच्यासमोर बसण्याआधी एक गोष्ट स्वतःशी ठरवा : हे कर्ज आहे, गुंतवणूक आहे की जाहिरात? कर्ज असेल तर फिल्म पडली तरी फेडायचं. गुंतवणूक असेल तर नफ्या-तोट्यात वाटा. जाहिरात असेल तर त्यांचा टॉवेल हिरोच्या खांद्यावर दिसेल आणि तिथे व्यवहार संपला. तिन्ही एका वाक्यात मिसळले की दोन वर्षांनी भांडण नक्की.

आलेला पैसा कुणाला कुठल्या क्रमाने जाणार हेही करारात हवं. आधी वितरकाचा खर्च, मग गुंतवणूकदारांचं मुद्दल, मग थकलेली मानधनं, मग नफ्याची वाटणी, असा काही क्रम. भागीदार चार असतील तर खर्चाची मर्यादा ओलांडायची वेळ आल्यास निर्णय कोण घेणार तेही.

लोकवर्गणीचा मार्ग आकर्षक वाटतो. १९७६ च्या 'मंथन'साठी गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी दोन-दोन रुपये दिले होते. पण त्यांच्यामागे उभी सहकारी संस्था होती, हे विसरू नका. "प्रत्येकी दहा हजार द्या, वर्षात दुप्पट" असं व्हॉट्सॲपवर फिरवलंत तर अनियंत्रित ठेव योजनांवर बंदी घालणाऱ्या २०१९ च्या कायद्याखाली सापडाल. परताव्याचं आश्वासन न देता, मदत म्हणून घेतलेली रक्कम वेगळी आणि ठेवीसारखी घेतलेली वेगळी. सीएला विचारल्याशिवाय असलं काही करू नका.

शासनाचं अनुदान आहे. दर्जेदार मराठी चित्रपटांना परीक्षण समितीच्या गुणांवरून 'अ' दर्जासाठी ४० लाख आणि 'ब' दर्जासाठी ३० लाख अशी रक्कम बरीच वर्षं दिली गेली. अर्ज करताना ताजा शासन निर्णय वाचा. मुद्दा असा की हे पैसे फिल्म पूर्ण झाल्यावर, परीक्षणानंतर येतात. त्यांच्या भरवशावर कॅमेरा भाड्याने आणता येत नाही. मी अनुदान बजेटच्या जमेच्या बाजूला लिहीतच नाही. आलं तर दिवाळी.

गोव्याला इफ्फी या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाच्या काळात एनएफडीसी या सरकारी चित्रपट महामंडळाचा फिल्म बाजार भरतो, २००७ पासून. हल्ली त्याला वेव्हज फिल्म बाजार म्हणतात. तिथे पटकथेच्या टप्प्यावरच्या प्रकल्पांसाठी सहनिर्मितीचा बाजार असतो, एडिटच्या टप्प्यावरच्या फिल्मसाठी वेगळी कार्यशाळा असते. पहिल्या वर्षी निवड नाही झाली तरी प्रतिनिधी म्हणून जाऊन या. आपल्यासारखीच फाइल घेऊन फिरणारी माणसं भेटतात आणि आपलं बजेट किती भाबडं आहे हे चार दिवसांत कळतं.

घर गहाण टाकायचं का? नाही. शेत? नाही. बायकोचे दागिने फाळक्यांनी ठेवले म्हणून आपणही ठेवावेत असं नाही.

कागद

हे भराभर सांगतो. स्वतःच्या नावावर न करता एलएलपी (मर्यादित जबाबदारीची भागीदारी) किंवा खासगी कंपनी काढलीत तर फिल्मचं देणं घरावर येण्याचा धोका कमी होतो. फिल्मसाठी स्वतंत्र बँक खातं. पॅन, टॅन, जीएसटी. जीएसटी नोंदणी असेल तर कॅमेरा-लाइटच्या भाड्यावर भरलेल्या कराचं क्रेडिट मिळतं, म्हणून पक्की बिलं घ्या. कलाकार-तंत्रज्ञांचे पैसे देताना टीडीएस कापा आणि वेळेवर भरा. एका फिल्ममध्ये ५० हजारांहून जास्त रक्कम ज्यांना दिली त्यांचं विवरणपत्र आयकर खात्याला द्यावं लागतं. हा नियम खास निर्मात्यांसाठी आहे आणि नव्या निर्मात्याच्या सीएला तो बऱ्याचदा माहीत नसतो. युनिट दहा जणांचं किंवा त्याहून मोठं असेल, आणि ते असतंच, तर लैंगिक छळ प्रतिबंधासाठी अंतर्गत समिती नेमा. तिची नावं कॉल शीटवर, म्हणजे रोजच्या कामाच्या वेळापत्रकावर, छापा.

परवानग्या आणि सोलापूरचं पंचांग

चित्रीकरणाच्या परवानग्यांसाठी राज्याची एक खिडकी योजना आहे, गोरेगावच्या चित्रनगरीतून चालते. तिथे अर्ज कराच, पण गावात येऊन पोलीस ठाण्यात, महापालिकेत किंवा ग्रामपंचायतीत स्वतः भेटा. कागद वरून येतो, गाडी उभी करायला जागा मात्र खालचा माणूस देतो.

भुईकोट किल्ला पुरातत्त्व खात्याच्या संरक्षणात आहे. त्याची परवानगी वेगळी, वेळ लागतो. स्टेशन किंवा डब्यातलं दृश्य असेल तर मध्य रेल्वे. होटगी रस्त्याला विमानतळ आहे, म्हणून त्या बाजूला ड्रोन उडवण्याआधी डिजिटल स्काय या सरकारी ड्रोन संकेतस्थळावरचा नकाशा बघा. हिरवा पट्टा नसेल तर परवानगीशिवाय उडवायचा नाही.

लहान मुलं असतील तर ज्या जिल्ह्यात काम होणार तिथल्या जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी. दिवसात पाच तासांच्या वर काम नाही, सलग तीन तासांच्या वर नाही, आणि मुलाच्या कमाईतले किमान वीस टक्के त्याच्या नावावर राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत. शाळा बुडणार नाही याची जबाबदारी तुमची. मराठीत मुलांवरच्या फिल्म खूप होतात आणि हा नियम तितक्याच वेळा विसरला जातो.

जनावरांसाठी भारतीय प्राणी कल्याण मंडळाची पूर्वपरवानगी लागते. हिरोइनच्या मांडीवरची शेळीसुद्धा यात आली. पशुवैद्यकाचा दाखला, चित्रीकरणावेळी डॉक्टर हजर, नंतर पुन्हा कागद. हे प्रमाणपत्र नसेल तर सेन्सॉरला फिल्म अडकते. एकदा आमच्या फ्रेममधून एक म्हैस नुसती चालत गेली आणि दिग्दर्शकाला तोच टेक आवडला. शेवटी तो टेक काढला.

आता पंचांग. एप्रिल-मे मध्ये दुपारी बाहेर शूटिंग ठेवू नका. पारा चाळिशीच्या वर असतो, कॅमेरा तापतो आणि माणसं त्याहून. जानेवारीत संक्रांतीला सिद्धेश्वरांची यात्रा, गड्डा. नंदीध्वजांची मिरवणूक टिपायची असेल तर वर्षभर आधी तयारी करा, आणि टिपायची नसेल तर त्या दिवसांत शहरात शूटिंगच लावू नका. आषाढीला पंढरपूर तर सोडाच, जिल्ह्यात पोलीस बंदोबस्त आणि खोल्या दोन्ही मिळणं कठीण. ऊस गाळपाच्या हंगामात रस्त्यावर ट्रॅक्टर-ट्रॉल्यांची रांग, त्यात सिंक साउंड. यंत्रमागाच्या वस्तीत तर आवाजाचा प्रश्न रोजचाच. शेजारचे माग बंद ठेवायचे असतील तर त्या कामगारांचा बुडालेला रोज बजेटमध्ये धरा आणि आदल्या दिवशी हातात द्या. हुरड्याचे दिवस सगळ्यांत चांगले. उजेड मऊ, जेवण फुकटात सुंदर.

जागा बघून ठेवली म्हणजे ती तशीच राहील असं समजू नका. सिद्धेश्वर साखर कारखान्याची चिमणी कित्येकांच्या फ्रेममध्ये असायची. जून २०२३ मध्ये ती पाडली. रेकी (जागेची आधीची पाहणी) आणि शूटिंग यांत सहा महिन्यांचं अंतर असेल तर पुन्हा जाऊन बघा.

शूटिंगचे दिवस

यावर पुस्तकं आहेत, मी एवढंच सांगतो. उद्याची कॉल शीट आज संध्याकाळी सातच्या आत. रोजचा फुटेज तीन प्रतींत, त्यातली एक सेटवर न ठेवता दुसऱ्या घरात. गावातल्या मंडळाची वर्गणी, देवळाचा नारळ, ज्याच्या ओट्यावर मेकअप केला त्या मावशींना साडी : हे 'इतर' मध्ये ढकलू नका, स्वतंत्र ओळ करा. आणि पॅकअपच्या दिवशी गावात कुणाचं देणं राहू देऊ नका. ते राहिलं की पुढच्या निर्मात्याला गाव दार उघडत नाही.

सेन्सॉर, महोत्सव, थिएटर

पोस्ट-प्रॉडक्शन पुण्यात किंवा मुंबईत. सकाळची हुतात्मा एक्सप्रेस पकडून दिवसभर एडिट बघायचं आणि रात्री घरी, किंवा रात्रीची सिद्धेश्वर आणि सकाळी मुंबई. माझ्या बऱ्याच मीटिंगांची तयारी या दोन गाड्यांतच झालीय.

सेन्सॉर बोर्डाचं आपल्यासाठीचं कार्यालय मुंबईत, अर्ज ऑनलाइन. २०२३ च्या दुरुस्तीनंतर यूए प्रमाणपत्राचे ७+, १३+ आणि १६+ असे तीन भाग झाले आणि प्रमाणपत्राची दहा वर्षांची मुदत गेली, आता ते कायमचं असतं. सोलापूरची गोष्ट असेल तर विडी येणारच. तंबाखू दिसली की त्या दृश्यात खाली इशारा, सुरुवातीला आणि मध्यंतराला किमान तीस सेकंदांची आरोग्यविषयक फिल्म आणि वीस सेकंदांचं निवेदन लागतं. विडी वळणाऱ्या बाईवर फिल्म करणाऱ्याने हा इशारा फ्रेममध्ये कुठे बसेल ते शूटिंगलाच ठरवावं. राष्ट्रीय पुरस्कार किंवा इफ्फीला पाठवायची असेल तर २०२५ पासून ऐकू न येणाऱ्यांसाठी कॅप्शन आणि न दिसणाऱ्यांसाठी ध्वनिवर्णनही हवं. त्याचा खर्च आधीच धरा.

महोत्सवांचा क्रम विचाराने लावा. मोठ्या महोत्सवांना पहिला खेळ आपल्याकडे हवा असतो. नात्यातल्या कुणाच्या तरी आग्रहाखातर एखाद्या लहान महोत्सवात आधी दाखवलीत तर मोठं दार बंद होऊ शकतं. यूट्यूबवर टाकलीत तर बहुतेक सगळीच. पुण्याचा पिफ जानेवारीत असतो, गोव्याचा इफ्फी नोव्हेंबरात. त्या तारखांवरून मागे मोजून एडिट कधी संपवायचा ते ठरवा.

थिएटरसाठी वितरकाकडे जाताना शो किती मिळतील यापेक्षा कुठल्या वेळेचे मिळतील ते विचारा. सकाळी साडेनऊचे चाळीस शो कागदावर छान दिसतात. माझं मत : लहान फिल्म एकदम राज्यभर लावू नये. आधी सोलापूर, बार्शी, पंढरपूर, अकलूज अशी आपली माणसं जिथे आहेत तिथे लावून एक आठवडा बघावं. ओटीटीवाले आगाऊ रक्कम देऊन लहान मराठी फिल्म घेतात अशा आशेवर बजेट बांधू नका. बरेचदा बघितलेल्या मिनिटांवर हिस्सा मिळतो. करारात भाषा, देश आणि वर्षं तिन्ही मोजून द्या. सगळे हक्क कायमचे, सगळ्या जगासाठी, असं लिहून आलं तर खोडा. दखनी किंवा कन्नडमध्ये डब करायचा हक्क स्वतःकडे ठेवा, आपल्याला तो उद्या लागेल.

मधल्या काळात खायचं काय

फिल्मच्या बजेटमध्ये स्वतःची फी लिहा. नवखे लाजून लिहीत नाहीत आणि तिसऱ्या वर्षी घरच्यांच्या नजरेत नजर घालता येत नाही. तरीही ती फी पुरत नाही. बाहेरच्या युनिटसाठी लाइन प्रॉडक्शन, टॉवेल-चादरीच्या कारखान्यांच्या जाहिराती, संस्थांचे माहितीपट यावर माझं घर चालतं. यात कमीपणा वाटायचं कारण नाही. कारखान्याच्या जाहिरातीत भेटलेला लाइटमन फिल्मला अर्ध्या पैशात आला होता.

शेवटचं काम फिल्म उतरल्यावरचं. चित्रपटाचा कॉपीराइट प्रदर्शनानंतरच्या वर्षापासून साठ वर्षं टिकतो. तुम्ही तीस वर्षांचे असाल तर तो तुमच्या मुलांच्या हातात जाईल. सगळे करार, सेन्सॉरचं प्रमाणपत्र, डीसीपी (थिएटरात चालते ती डिजिटल प्रत), वेगळे काढलेले साउंड ट्रॅक आणि कुठला हक्क कुणाला कधीपर्यंत दिलाय याची एक पानी यादी एका फाइलमध्ये घाला आणि घरात एका माणसाला ती कुठे आहे ते सांगून ठेवा. हार्ड डिस्क वर्षातून एकदा जोडून बघायची, मी दसऱ्याला शस्त्रपूजेच्या आधी बघतो. मागच्या दसऱ्याला तीनपैकी एक उघडली नाही. दुसऱ्या दोन होत्या, म्हणून सोमवारी नवी आणून कॉपी केली.